ठेव बेळगावची, सल्ला कोल्हापूरचा

पत्र असं आहे (थोडं आटोपशीर केलंय, ओळख पटेल असा मजकूर काढलाय):

"मी बेळगावच्या वडगावात राहते. आमच्या मालकांनी (पतीनं) पॉवरलूम विकले तेव्हा आलेल्या पैशातले 2 लाख 40 हजार गल्लीजवळच्या सोसायटीत माझ्या नावानं मुदतठेव म्हणून ठेवले. दीड लाख मालकांच्या नावानं दुसऱ्या एका संस्थेच्या बेळगाव शाखेत आहेत. तिचं मुख्य ऑफिस महाराष्ट्रात आहे. दोन्ही पावत्यांची मुदत गेल्या दिवाळीत संपली. दोन्हीकडं एकच उत्तर, पुढच्या महिन्यात या. सोसायटीचे सेक्रेटरी म्हणतात, 'तुम्ही शेअरहोल्डर आहात, तुम्हाला ग्राहक कोर्टात जाता येत नाही, ए.आर. ऑफिसलाच जावं लागतं.' गडहिंग्लजचा भाचा म्हणतो, 'मावशी, कलम 91 खाली सहकार न्यायालयात दावा घाल.' शेजारी म्हणतात, सरळ पोलिसात जा. मला कन्नड वाचता येत नाही. तोंडी बोलण्यापलीकडं अजून काहीच केलेलं नाही. नेमकं कुठं जाऊ?"

ताई,

कुठं जायचं ते सांगतो, पण त्याआधी एक गोष्ट आजपासूनच पाळा. पुढच्या खेपेला काउंटरवर कुणी म्हणेल, "पावती द्या, रिन्यू करून ठेवतो, व्याज तरी चालू राहील." देऊ नका. मूळ पावतीच्या मागच्या बाजूला तिकीट लावून तुमची सही घेतात आणि नवी पावती हातात देतात. त्या सहीचा अर्थ असा होतो की जुनी ठेव तुम्हाला मिळाली आणि तुम्ही ती स्वखुशीनं पुन्हा ठेवली. मुदत वर्षभर पुढं जाते आणि उद्या तुम्ही तक्रार केली तर संस्था म्हणते, मुदत संपलीच नाही, मग पैसे मागता कसले? दोन्ही पावत्यांच्या दोन्ही बाजूंच्या झेरॉक्स काढा आणि मूळ पावत्या घरात ठेवा. पिग्मीचं (दारात येऊन गोळा करतात त्या रोजच्या बचतीचं) पासबुक असेल तर तेही जपा. पिग्मीवाला पोरगा ओळखीचा असो नसो, तो संस्थेच्या वतीनं पैसे घेतो आणि पासबुकातली त्याची सही संस्थेला बांधते.

आता पावतीच्या माथ्यावर बघा. संस्थेच्या नावाखाली नोंदणी क्रमांक असतो आणि बहुतेक वेळा कोणत्या कायद्याखाली नोंदणी झाली तेही छापलेलं असतं. तुमचं भांडण कुणासमोर चालायचं, हे मुख्यतः त्या ओळीवरून ठरतं. तुम्ही कोणती भाषा बोलता किंवा संचालक कुठल्या गावचे आहेत, यावरून ते ठरत नाही. बेळगावात पैसे घेणाऱ्या सहकारी संस्था ढोबळमानानं तीन कायद्यांखाली येतात. कर्नाटक सहकारी संस्था कायदा 1959, कर्नाटक सौहार्द सहकारी कायदा 1997, आणि एकापेक्षा जास्त राज्यांत कारभार असलेल्या संस्थांसाठी केंद्राचा मल्टिस्टेट कायदा 2002. तुमची वडगावची सोसायटी बहुधा पहिल्यातली आहे आणि मालकांची ठेव तिसऱ्यातल्या संस्थेत दिसते. पण पावती बघून खात्री करा. नावात सौहार्द असेल तर वादाच्या तरतुदी त्या वेगळ्या कायद्यात बघाव्या लागतात.

तुमच्या भाच्यानं मनापासून सांगितलंय, पण त्यानं सांगितलेला कायदा महाराष्ट्राचा आहे. कलम 91 आणि सहकार न्यायालय या गोष्टी महाराष्ट्र सहकारी संस्था कायदा 1960 मधल्या. तुमचे पैसे गडहिंग्लजच्या पतसंस्थेत असते तर त्याचा सल्ला बरोबर ठरला असता. वडगावच्या सोसायटीला तो लागू नाही. सीमाभागात हा घोटाळा वारंवार होतो आणि त्यात कुणाचा दोष नाही. सहकारावर मराठीत जे काही छापून येतं, मोबाईलवर फिरतं, ते जवळजवळ सगळं महाराष्ट्राच्या कायद्यावर असतं. 1956 च्या राज्य पुनर्रचनेपर्यंत बेळगाव जिल्हा मुंबई राज्यात होता, चंदगड तालुका याच जिल्ह्यात होता आणि दोन्हीकडं 1925 चा मुंबईचा सहकारी कायदा चालायचा. मग चंदगड तिकडं गेला, बेळगाव इकडं आलं आणि तीन-चार वर्षांतच दोन्ही राज्यांनी आपापले कायदे केले. त्यामुळं आज कलमांचे आकडेसुद्धा फसवतात. महाराष्ट्रात 101 म्हटलं की संस्थेनं कर्जदाराविरुद्ध आणलेला वसुलीचा दाखला. कर्नाटकात 101 हे कलम निकालाच्या अंमलबजावणीचं आहे. सीमाप्रश्नाचा दावा 2004 पासून सुप्रीम कोर्टात आहे. त्याचं जे व्हायचं ते होवो, तुमच्या पावतीवर आज कर्नाटकाचाच कायदा चालतो.

आता सेक्रेटरींचं म्हणणं. त्यातलं अर्धं खरं आहे, म्हणूनच ते ऐकणाऱ्याला पटतं. कर्नाटकच्या कायद्याच्या कलम 70 प्रमाणं संस्थेचा कारभार आणि व्यवहार यावरून सभासद आणि संस्था यांच्यात वाद झाला तर तो निबंधकांपुढं (सहकारी संस्थांवर देखरेख ठेवणारा सरकारी अधिकारी) न्यायचा असतो आणि दिवाणी कोर्टाला तो ऐकता येत नाही. ए.आर. म्हणजे सहाय्यक निबंधक. निबंधकांचे अधिकार त्यांच्याकडं किंवा उपनिबंधकांकडं दिलेले असतात. तिथं रीतसर वाद दाखल झाला की कलम 71 खाली निकाल होतो, पटला नाही तर कर्नाटक अपिलेट ट्रिब्युनलकडं अपील. म्हणजे शेअरहोल्डर म्हणून तुम्हाला तो रस्ता नक्कीच आहे.

"ग्राहक कोर्टात जाता येत नाही" हे मात्र चुकीचं आहे. हाच मुद्दा तामिळनाडूतल्या एका सहकारी कृषी पतसंस्थेनं थेट सुप्रीम कोर्टापर्यंत नेला होता. तिथल्या कायद्यातही असंच कलम आहे, की सभासदाचा वाद निबंधकांकडंच जाईल आणि कोर्टांना अधिकार नाही. तिरुमुरुगन सहकारी कृषी पतसंस्था विरुद्ध एम. ललिता या नावानं तो निकाल 2004 च्या पहिल्या एससीसी (सुप्रीम कोर्टाच्या निकालांचा संग्रह) खंडात पान 305 वर आहे. कोर्टानं स्पष्ट सांगितलं की ग्राहक कायद्याचा उपाय हा इतर उपायांच्या जोडीला दिलेला जादा उपाय आहे. सहकारी कायद्यातल्या बंदीनं तो हिरावला जात नाही, तक्रारदार सभासद असला तरी. आत्ताच्या ग्राहक संरक्षण कायदा 2019 मध्ये कलम 100 हेच म्हणतं. तेव्हा सेक्रेटरी पुन्हा म्हणाले तर वाद घालत बसू नका. हा निकाल आणि हे कलम तक्रारीत लिहा. त्यांचे वकील पहिल्या तारखेला हाच आक्षेप घेतील आणि त्याचं उत्तर आधीच कागदावर असेल.

माझं मत विचाराल तर 2 लाख 40 हजारांच्या साध्या, मुदत संपलेल्या ठेवीसाठी तुम्ही बेळगावच्या जिल्हा ग्राहक आयोगाकडं जावं. तुम्ही जिथं राहता त्या जिल्ह्यात तक्रार करता येते, समोरच्याचं ऑफिस कुठंही असो. 50 लाखांपर्यंत मोबदला दिलेली प्रकरणं जिल्हा आयोग ऐकतो, आणि 5 लाखांपर्यंत फी नाही. वकील लावायचं बंधन नाही. पण मला सगळ्यात मोलाची वाटते ती पुढची गोष्ट. निकाल तुमच्या बाजूनं लागला आणि संस्थेला राज्य आयोगात अपील करायचं असेल, तर 45 दिवसांच्या आत करावं लागतं आणि द्यायच्या रकमेतली निम्मी आधी भरावी लागते. नुसता वेळ काढण्यासाठी अपील करणाऱ्याला इथं चाप बसतो. आदेश पाळला नाही तर दिवाणी डिक्रीसारखी वसुली होते आणि कलम 72 खाली एक महिना ते तीन वर्षं कैद किंवा दंड, किंवा दोन्हीही होऊ शकतात. कायदा म्हणतो शक्यतो तीन महिन्यांत निकाल लावावा. प्रत्यक्षात जास्त वेळ लागतो, ती तयारी ठेवा.

मुदत मात्र पाळायला हवी. ग्राहक तक्रारीला दोन वर्षांची मर्यादा आहे. ठेव परत मिळेपर्यंत तक्रारीचं कारण चालूच राहतं असा युक्तिवाद करता येतो, पण त्याच्या भरवशावर बसू नका. गेली दिवाळी धरून दोन वर्षं मोजा आणि त्याच्या बऱ्याच आधी तक्रार करा.

आणि इथं एक फरक नीट समजून घ्या, कारण यातच लोकांची वर्षं जातात. ए.आर. ऑफिसात "आमचे पैसे मिळत नाहीत, कृपया कारवाई करावी" असा अर्ज देऊन, त्यावर शिक्का घेऊन घरी आलं की लोकांना वाटतं केस दाखल झाली. ती केस नसते, तो नुसता तक्रार अर्ज असतो. ऑफिस फार तर संस्थेला पत्र पाठवतं, संस्था गोडसं उत्तर देते, फाइल तिथंच राहते आणि तुमची मुदत चालूच असते. पैशाचा निकाल हवा तर कलम 70 चा रीतसर वाद किंवा ग्राहक आयोगात तक्रार, यांतलं एक करावं लागतं. एकाच ठेवीसाठी दोन्हीकडं एकदम जाऊ नका. दोन दगडांवर पाय ठेवलेत तर संस्था प्रत्येक ठिकाणी दुसऱ्या केसकडं बोट दाखवेल. संस्थेच्या कारभाराची चौकशी व्हावी असा कलम 64 चा अर्ज मात्र सोबत देता येतो. त्यात तुम्ही ठेव मागत नसता, कारभार तपासा म्हणत असता. असा अर्ज एकटीनं देण्यापेक्षा पाच-पंचवीस ठेवीदारांच्या सह्यांनी द्या.

तक्रारीआधी संस्थेला लेखी नोटीस पाठवा. वकिलाकडूनच हवी असं नाही. पावती क्रमांक, रक्कम, तारीख, व्याजदर, मुदत संपल्याची तारीख, आणि पंधरा दिवसांत मुद्दल व व्याज द्या, एवढं पुरे. स्पीड पोस्टानं पाठवा, पोचवल्याचा पुरावा जपून ठेवा. आजवर तुम्ही फक्त तोंडी मागितलंय. उद्या संस्था म्हणेल, बाई कधी आल्याच नाहीत. तक्रारीत संस्थेला अध्यक्ष आणि सेक्रेटरींमार्फत सामनेवाले (विरुद्ध पक्ष) करा. मुद्दल, मुदतीपर्यंतचं कबूल व्याज, त्यानंतर पैसे हातात पडेपर्यंतचं व्याज, त्रासाची भरपाई आणि खर्च, असं सगळं मागा. जे मागितलं नाही ते सहसा मिळत नाही. सगळ्या संचालकांना वैयक्तिक जबाबदार धरा असं अनेकजण लिहितात. ते सहजासहजी होत नाही. संचालकांनी संस्थेचं किती नुकसान केलं आणि ते कुणाकडून वसूल करायचं, हे ठरवायला सहकारी कायद्यात कलम 69 ची वेगळी प्रक्रिया आहे. म्हणूनच चौकशीचा अर्ज महत्त्वाचा.

मालकांच्या दीड लाखांची तक्रार वेगळी करा, एकाच कागदात दोन संस्था घालू नका. ती संस्था मल्टिस्टेट असेल तर बेळगावच्या ए.आर. ऑफिसला तिच्यावर अधिकार नाही आणि कोल्हापूरच्या सहकार न्यायालयालाही नाही. तिचे निबंधक म्हणजे दिल्लीतले केंद्रीय निबंधक. सभासदाचा वाद कलम 84 प्रमाणं लवादाकडं जातो. पण 2023 च्या दुरुस्तीनं कलम 85-अ आलंय. त्यानुसार सभासदाला आपल्या ठेवीबद्दल सहकारी लोकपालांकडं तक्रार करता येते, आणि त्यांनी तीन महिन्यांत चौकशी पुरी करून निर्णय द्यायचा असतो. ही वाट फारशा ठेवीदारांना माहीत नाही. शाखेतली माणसं तुम्हाला ती सांगतील अशी अपेक्षा ठेवू नका. ग्राहक आयोग इथंही उघडा आहे आणि तोही बेळगावचाच, कारण मालक बेळगावात राहतात आणि पैसेही इथल्याच शाखेत भरलेत. शाखेत कुणी म्हणालं की "आमच्या नियमात लवाद आहे, सगळं हेड ऑफिसच्या गावी चालेल", तर घाबरू नका. लवादाचं कलम असल्यानं ग्राहक आयोगाचा अधिकार जात नाही, हे सुप्रीम कोर्टानं 2018 मध्ये एमार एमजीएफच्या प्रकरणात मान्य केलंय. ते प्रकरण घराच्या करारातलं होतं, पण तत्त्व तेच.

संस्था देऊ शकते पण देत नाही, की तिजोरीच रिकामी आहे, हे आधी शोधायला हवं. पहिल्या प्रकारात आयोगाचा आदेश कामाला येतो. दुसऱ्यात आदेश हातात येतो, पैसे येत नाहीत. सोसायटीला माहितीचा अधिकार सहसा लागू होत नाही, पण निबंधकांच्या कार्यालयाला होतो. गेल्या तीन वर्षांचे लेखापरीक्षण अहवाल तिथून मागा. त्यात थकीत कर्जं, संचालकांच्या नातेवाइकांना दिलेली कर्जं आणि ठेवींच्या मानानं हातातली रोकड दिसते. संस्था अवसायनात निघाली असेल, म्हणजे ती गुंडाळायचं काम सुरू झालं असेल आणि त्यासाठी लिक्विडेटर बसला असेल तर त्याच्याकडं आपला दावा मुदतीत नोंदवावा लागतो, आणि निबंधकांच्या परवानगीशिवाय संस्थेवर नवी कोर्टकारवाई करता येत नाही.

पैसे कुणीतरी खाल्लेत असं दिसलं तरच शेजाऱ्यांचा सल्ला कामाचा. खोटी कर्जं, बनावट पावत्या, ठेवीदारांच्या नकळत काढलेली रक्कम, असं काही असेल तर तो विश्वासघात आणि फसवणुकीचा गुन्हा आहे. 1 जुलै 2024 नंतरच्या कृत्यांना भारतीय न्याय संहितेची कलमं 316 आणि 318 लागतात, त्याआधीच्यांना जुनी भारतीय दंड संहिता. सोबत कर्नाटकचा ठेवीदार हितसंरक्षण कायदा 2004 आहे, ज्याला लोक केपीआयडी म्हणतात. त्यात मालमत्ता जप्त करून विशेष कोर्टामार्फत ठेवीदारांना वाटता येते. सरकारच्या मालकीच्या किंवा ताब्यातल्या सहकारी संस्था त्यातून वगळल्यात, तुमची सोसायटी तशी नसणार. इथंही एकट्या ठेवीदारापेक्षा गटाचं वजन पडतं. नुसती मुदत संपली आणि पैसे दिले नाहीत, एवढ्यावर पोलीस बहुतेक वेळा "हे दिवाणी आहे" म्हणून परत पाठवतात. त्यानं खचून जाऊ नका. आणि एखाद्यानं तुमची बोळवण करायला चेक दिला आणि तो बाउन्स झाला, तर बँकेचा मेमो आल्यापासून 30 दिवसांत नोटीस पाठवायची. नोटीस मिळाल्यावर 15 दिवसांत पैसे आले नाहीत तर पुढच्या महिनाभरात कलम 138 ची फिर्याद. त्या तारखा चुकवू नका.

बँक बुडाली तर 5 लाख मिळतात, असं तुम्हाला कुणी सांगितलं असेल. तो ठेव विमा सहकारी बँकांना आहे. सोसायटी, पतसंस्था आणि सौहार्द यांना नाही. रिझर्व्ह बँकेचे लोकपालही त्यांच्या तक्रारी घेत नाहीत. तिथं अर्ज पाठवून महिने घालवू नका.

कन्नडची अडचण खरी आहे, पण तिच्यापायी हक्क सोडायचं कारण नाही. तक्रार इंग्रजीत करता येते. पावती, पासबुक मराठीत असेल तर इंग्रजी किंवा कन्नड भाषांतर जोडा, म्हणजे तारीख त्यावरून पुढं जाणार नाही. ए.आर. ऑफिसचं कन्नड पत्र आलं तर न वाचता बाजूला ठेवू नका. त्यात बहुतेक वेळा हजर राहायची तारीख असते. शेजारच्या शाळेत जाणाऱ्या मुलालासुद्धा ते वाचून दाखवता येईल. आणि वकिलाचा खर्च झेपत नसेल तर बेळगावच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. 1987 च्या विधी सेवा कायद्याच्या कलम 12 प्रमाणं स्त्रियांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो. हे उपकार नव्हेत, तुमचा हक्क आहे. आधारकार्ड आणि पावत्यांच्या झेरॉक्स घेऊन जा.

मालकांची पावती त्यांच्या नावावर आहे, म्हणून ती तक्रार त्यांच्या सहीनं जायला हवी. त्यांना प्रत्येक तारखेला येणं जमत नसेल तर तुमच्या नावानं अधिकारपत्र करून घ्या. दोन्ही नोटिसा या आठवड्यात पोस्टात पडू देत. संस्थेकडून काय उत्तर आलं, की आलंच नाही, ते मला कळवा. पावतीच्या माथ्यावरचा मजकूर जसाच्या तसा लिहून पाठवलात तर कोणता कायदा लागतो ते मी तुम्हाला नक्की सांगेन.